सेमीच्या रात्रीची तयारी (सॅन मारिनोवाल्यांसाठी)

युरोव्हिजन, म्हणजे युरोपातल्या देशांची गाण्याची स्पर्धा, म्हणलं की लोक डायरेक्ट फायनलच्या तयारीला लागतात, इथंच चुकतं. मोठे देश थेट फायनलला जातात हो, पण माझ्यासारखं सॅन मारिनोच्या (इटलीच्या पोटातला चिमुकला देश) मागं लागला असाल तर आपली गाणारी बाई सेमीत असते आणि बऱ्याचदा सेमीतच संपते, म्हणून पहिलं काम, आपला देश मंगळवारच्या सेमीत हाय का गुरुवारच्या ते बघून ठेवा. सॅन मारिनोची गायिका व्हॅलेंटिना मोनेत्ता २०१२ ला गेली, बाहेर, २०१३ ला परत गेली, परत बाहेर, तिसऱ्यांदा २०१४ ला कोपनहेगनमधी कुठं फायनल दिसली, देशाची पहिलीच, त्यात २६ जणांत २४ वी. आमच्या आईनं विचारलं एवढ्या खाली आली तर नाचायलास कशाला. आता काय सांगावं, अख्ख्या देशात ३३-३४ हजार माणसं, एकट्या परभणीत त्याच्या कितीतरी पट.

तिकडं युरोपात रात्री नऊला सुरू म्हणजे इकडं साडेबारा, तारीख बदललेली असते, मंगळवारच्या सेमीचा अलार्म बुधवारचा लावा. युट्यूबवर युरोव्हिजनच्याच चॅनेलवर लाईव्ह असतंय, पण मे महिना हाय आणि लाईट हाय, गाणं तीन मिनिटांच्या वर नसतं आणि नेमकी तेवढ्यात जाते, म्हणून इन्व्हर्टरवर वायफायचा डबा जोडून ठेवायचा अन् फोन फुल चार्ज, टीव्हीचा नाद नको. कूलरमधी पाणी झोपायच्या आधीच भरा, रात्री एकला बादल्या ओतल्या की घर जागं होतंय.

खायला सुशीला. कांदा, मिरची, दाण्याचं कूट काढून ठेवा पण मुरमुरे आधी भिजवू नका, लगदा होतो, फोडणी तडतडली की भिजवून, पिळून लगेच टाकायचे.

आणि मत. २०२३ पासून भाग न घेणाऱ्या देशातल्या लोकांना पण ऑनलाईन मत देता येतं, कार्डावर पैसे कटतात, आपल्या सगळ्यांची मतं मिळून एका देशाएवढी धरतात. कार्डाचं इंटरनॅशनल बटण बँकेच्या ॲपमधी दुपारीच चालू करा. मी एका वर्षी गाणं झाल्यावर चालू करत बसलो, ओटीपी आला तेव्हा वोटिंग बंद झालं होतं. सकाळी ते बटण परत बंद करायचं, तेवढं विसरू नका.