एकतर्फी हुकूमनामा झाला? अपिलाकडे धावण्याआधी या चुका टाळा

नाशिकच्या जिल्हा न्यायालयाच्या आवारात एकतर्फी हुकूमनाम्याची, म्हणजे प्रतिवादी गैरहजर असताना झालेल्या निकालाची, झेरॉक्स घेऊन येणाऱ्या माणसाचं पहिलं वाक्य ठरलेलं असतं: "साहेब, अपील टाकायचंय." समन्स कुठे गेलं होतं, निकाल कधी कळला, रोजनाम्यात (न्यायालयाच्या तारीखवार नोंदीत) काय लिहिलंय, यातलं काहीच माहीत नसतं. फक्त 'वर' जायचं असतं.

एकतर्फी हुकूमनाम्याला आव्हान द्यायचे मुख्य मार्ग दोन. एक, निकाल देणाऱ्या न्यायालयातच दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ९ नियम १३ चा अर्ज. आम्ही वकील त्याला नऊ-तेरा म्हणतो. तिथे प्रश्न एवढाच की समन्स नीट बजावलं होतं का, किंवा गैरहजेरीला पुरेसं कारण होतं का. दुसरा, त्याच संहितेच्या कलम ९६(२) खालचं अपील. त्यात वादीच्या पुराव्यावर हुकूमनामा टिकतो का हे पाहतात. तुमची कैफियत (दाव्याला लेखी उत्तर) नाही, साक्ष नाही, म्हणजे बहुतेकदा वादीच्याच कागदांतल्या उणिवा काढत बसायचं.

दिंडोरी तालुक्यातल्या एका द्राक्षबागायतदारावर औषधांच्या उधारीचा दावा झाला. समन्स त्याच्या पंचवटीतल्या जुन्या भाड्याच्या खोलीवर गेलं आणि दाराला चिकटवून बजावणी झाली. त्याला कळलं ते दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत, न्यायालयाचा बेलिफ पिकअप जप्त करायला आला तेव्हा. कोणी तरी सांगितलं, "नऊ-तेरात वेळ जातो, सरळ अपील ठोका." त्याने ठोकलं. जिल्हा न्यायालयातल्या अपिलाची ३० दिवसांची मुदत हुकूमनाम्याच्या तारखेपासून धावते, त्यामुळे विलंब माफीचा अर्ज लागला. त्यात कारण काय, तर "घरगुती अडचणींमुळे". अर्ज फेटाळला, अपीलही गेलं. मग तो माझ्याकडे नऊ-तेरा करायला आला.

आता नऊ-तेरा होत नव्हता. नियम १३ च्या स्पष्टीकरणानुसार, अपील मागे घेतल्याखेरीज इतर कोणत्याही कारणाने निकाली निघालं की हा अर्ज चालत नाही. मुदतीवर फेटाळलेलं अपीलही त्यातच मोडतं, हे सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली श्यामसुंदर सरमा प्रकरणात सांगितलंय. सगळ्यात चीड आणणारी गोष्ट पुढेच आहे. समन्स रीतसर बजावलेलं नसेल तर नऊ-तेराचे ३० दिवस हुकूमनामा माहीत झाल्यापासून मोजतात. बेलिफ आल्यावर लगेच अर्ज केला असता, तर विलंब माफीची गरजच नव्हती! आता उरलं उच्च न्यायालयातलं दुसरं अपील, तेही कायद्याचा ठोस मुद्दा असेल तरच.

दोन्ही मार्ग एकाच वेळी धरता येतात. मी आधी नऊ-तेरा दाखल करतो. अपिलाची मुदत संपत आली असेल तर तेही टाकतो, पण घाईने चालवत नाही. नऊ-तेरा फेटाळला तर त्या आदेशावर वेगळं अपील आहेच.

दुसरी चूक म्हणजे न्यायालयातलं दप्तर न पाहता "समन्स मिळालंच नाही" असं शपथपत्रावर लिहून मोकळं होणं. माझ्या टेबलावर आधी बेलिफाचा अहवाल येतो: पत्ता कोणता, कोणाला दिलं, सही कोणाची. घरातल्याच कोणाची सही निघाली की ते शपथपत्र तुमच्याच गळ्याशी येतं. शिवाय, बजावणीत नुसती अनियमितता असून भागत नाही. तारीख तुम्हाला माहीत होती आणि हजर व्हायला पुरेसा वेळ होता असं दिसलं, तर हुकूमनामा त्या कारणाने रद्द होत नाही.

आजारपणाचे मागाहून बनवलेले दाखले आणू नका. न्यायाधीशांनी ते ढिगाने पाहिलेले असतात.

अपील दाखल झालं म्हणजे दरखास्त आपोआप थांबली असं समजू नका. स्थगितीचा वेगळा अर्ज द्या, आणि पैशाचा दावा असेल तर रक्कम जमा करायला किंवा जामीन द्यायला सांगतील हे धरून चाला.

हुकूमनाम्याच्या प्रमाणित प्रतीसाठीचा नक्कल अर्ज निकाल कळला त्याच दिवशी टाका. नक्कल मिळायला लागलेला वेळ अपिलाच्या मुदतीतून वगळतात, पण अर्ज टाकायला तुम्ही लावलेला उशीर तुमच्याच खात्यात.

आणि दाव्यात नुसता 'एकतर्फी चालवा' असा आदेश झाला असेल, हुकूमनामा व्हायचा असेल, तर यातलं काहीच करू नका. पुढच्या तारखेला हजर राहून आदेश ९ नियम ७ चा अर्ज द्या. खर्चाची रक्कम भरायला सांगतील. कुरकुर न करता भरा आणि कैफियत सोबतच ठेवा.