गावच्या पत्त्यावर पासपोर्ट काढताना

कोकणातून केलेला पासपोर्टचा अर्ज माझ्या पाहण्यात केंद्राच्या खिडकीवर क्वचितच अडतो. तो अडतो नावावर आणि पत्त्यावर. म्हणून पासपोर्ट सेवा संकेतस्थळावर खाते उघडण्याआधी आधार, पॅन, शाळा सोडल्याचा दाखला आणि दहावीची गुणपत्रिका शेजारी शेजारी मांडून प्रत्येकावरचे नाव अक्षरशः पडताळावे. आपल्याकडे दाखल्यावर घराण्याचे जुने आडनाव आणि आधारवर गावावरून पडलेले ‘कर’ लावलेले आडनाव, असा प्रकार एकाच माणसाच्या बाबतीत सर्रास आढळतो. असा फरक असल्यास आधी आधार किंवा दाखला दुरुस्त करून घ्यावा आणि मगच अर्ज भरावा. अर्जात आद्याक्षरे चालत नाहीत. स्वतःचे आणि वडिलांचे नाव एका रकान्यात व आडनाव स्वतंत्र रकान्यात पूर्ण लिहावे. आडनावाचा रकाना मोकळा सोडण्याचा मोह विशेषतः आखातात जाणाऱ्यांनी टाळावा, कारण संयुक्त अरब अमिरातीने नोव्हेंबर २०२२ पासून केवळ एकशब्दी नाव असलेल्या पासपोर्टवर भेटीसाठी प्रवेश देणे थांबवले आहे. लग्नानंतर नाव बदललेच पाहिजे असा मात्र कोणताही नियम नाही, त्यामुळे माहेरचे नाव सर्व कागदांवर कायम असेल तर तेच ठेवणे सर्वांत सोपे.

पत्त्याचे प्रकरण याहून नाजूक आहे. जून २०१८ पासून देशातील कोणत्याही पासपोर्ट कार्यालयाकडे अर्ज करता येतो, परंतु पोलीस पडताळणी होते ती अर्जातील सध्याच्या पत्त्यावर, आणि तयार झालेला पासपोर्ट स्पीड पोस्टाने त्याच पत्त्यावर येतो. डोंबिवलीत नोकरी करणाऱ्या चाकरमान्याने ‘मूळ घर’ म्हणून संगमेश्वरचा पत्ता सध्याचा पत्ता म्हणून लिहिला, तर चौकशीला आलेल्या पोलिसाला दाराला कुलूप दिसते आणि प्रतिकूल अहवाल जाण्याची शक्यता निर्माण होते. गणपतीला आणि शिमग्याला आपण तिथे असतो, हे कारण त्यासाठी पुरत नाही. गावचे घर कायमच्या पत्त्याच्या रकान्यात लिहावे. जिथे रोज राहता, तोच सध्याचा पत्ता.

खरोखर गावीच राहणाऱ्यांनी घर क्रमांकाबरोबर वाडीचे नाव, जवळची खूण, पोस्ट आणि पिनकोड लिहावा व पोलीस ठाणे काळजीपूर्वक निवडावे, कारण एकेका महसुली गावाच्या वाड्या डोंगराच्या दोन्ही अंगांना पसरलेल्या असतात. पुराव्याचा प्रश्नही इथे वेगळा असतो. घर सामाईक आणि विजेचे बिल कधीच वारलेल्या आजोबांच्या नावावर, ही तर घरोघरची परिस्थिती; ते बिल आपल्या राहण्याचा पुरावा ठरत नाही. सातबारा आणि घरपट्टीची पावती यांच्यावरही विसंबू नये. आधारवर अचूक पत्ता नोंदवून घेणे किंवा मतदार ओळखपत्र वापरणे हाच त्यातला बरा मार्ग होय. पडताळणीच्या काळात घरात मोबाइलची रेंज नसेल, तर शेजाऱ्यांना आणि पोलीस पाटलांना आधी सांगून ठेवावे.

कागद जुळले की उरलेले काम फारसे अवघड नाही. नवीन असो वा मुदत संपत आलेल्याच्या जागी हवा असो, प्रौढांच्या ३६ पानी पासपोर्टचे शुल्क १५०० रुपये, ६० पानीचे २००० रुपये आणि तत्काळ हवा असल्यास वर आणखी २००० रुपये असून मूळ शुल्क ऑनलाइन भरूनच भेटीची वेळ ठरते. आठ वर्षांखालील मुलांना व साठीपुढील नागरिकांना नव्या पासपोर्टवर दहा टक्के सवलत मिळते. संकेतस्थळाचा पत्ता ‘जीओव्ही डॉट इन’ने संपतो की नाही हे पाहावे, कारण तशाच दिसणाऱ्या खासगी स्थळांवर पैसे भरून फसलेले लोक कमी नाहीत. रत्नागिरीत टपाल कार्यालयातील केंद्र असल्याने यासाठी मुंबई गाठावीच लागते असे नाही. सोबत मूळ कागद आणि त्यांच्या प्रती न्याव्यात. फोटो तिथेच काढतात, फक्त चार वर्षांखालील बाळाचा पांढऱ्या पार्श्वभूमीवरचा फोटो न्यावा लागतो. १ ऑक्टोबर २०२३ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांसाठी जन्मतारखेचा पुरावा म्हणून केवळ जन्म प्रमाणपत्र चालते, तेव्हा ग्रामपंचायतीतून ते वेळेवर घ्यावे.

दहावी उत्तीर्ण असल्यास गुणपत्रिका न चुकता जोडावी. ती नसल्यास पासपोर्टवर ‘ईसीआर’ (म्हणजे स्थलांतराची तपासणी आवश्यक) असा शिक्का येऊ शकतो आणि सौदी, कुवेत, ओमान यांसारख्या देशांत नोकरीला जाताना स्थलांतराची स्वतंत्र परवानगी घ्यावी लागते. सीडीसी, म्हणजे जहाजावरील नोकरीची अधिकृत नोंदपुस्तिका, असलेल्या दर्यावर्दींना यातून सूट आहे.

नूतनीकरण म्हणजे जुन्यावर शिक्का नव्हे, तर नवीन क्रमांकाचा पासपोर्ट. मुदत संपण्याआधी एक वर्षापासून त्यासाठी अर्ज करता येतो. अनेक देश किमान सहा महिन्यांची शिल्लक मुदत मागतात, त्यामुळे शेवटच्या महिन्याची वाट पाहू नये. हरवला तर आधी पोलीस ठाण्यात तक्रार नोंदवून तिची प्रत घ्यावी, आणि परदेशात असाल तर भारतीय दूतावासाला कळवावे. हरवलेल्या किंवा खराब झालेल्या ३६ पानी पासपोर्टच्या जागी नवा घेताना प्रौढांना ३००० रुपये पडतात.

खराब होण्याची भीती आपल्याकडे हरवण्याहून मोठी म्हणावी लागेल. चार महिन्यांच्या पावसात लाकडी कपाटातल्या कागदांना बुरशी लागते, वाळवीचे तर विचारूच नये, आणि जुलै २०२१च्या पुरात चिपळूणकरांच्या घराघरांतले दस्तऐवज भिजले. क्रमांक वाचता येत असेल, नाव सुवाच्य असेल आणि फोटो शाबूत असेल, तर अशा पासपोर्टच्या जागी तत्काळ योजनेतूनही नवा मागता येतो. म्हणून भिजलेला पासपोर्ट उन्हात वाळवून पाने ओढून सोडवण्याचा खटाटोप करू नये, तो आहे त्या स्थितीत केंद्रात न्यावा.