स्कोन बट्टीसारखे टणक होतात? या चुका टाळा

जळगावच्या ऐन मे महिन्यात मी पहिल्यांदा स्कोन केले, म्हणजे चहासोबत खायचे ते छोटे, हलके, ओव्हनमध्ये भाजलेले इंग्रजी गोळे. चार वाजताचा चहा, चार पाहुणे आणि ताटात आठ चपटे, टणक गोळे. सासूबाईंनी एक फोडून बघितला आणि विचारलं, "बट्टी तळायची राहून गेली का गं?" प्रमाण बरोबर होतं. नडली ती हाताची सवय.

आपल्याकडचा हात पुरणाचे मांडे करून तयार झालेला. मांड्यांची कणीक जितकी तिंबावी तितकी ताणते, म्हणून तर ती हातावर फिरवून खापरावर टाकता येते. हा ताण ग्लुटेनमुळे, म्हणजे गव्हातल्या चिवट प्रथिनांमुळे येतो आणि स्कोनला नेमका तोच नको असतो. दूध घातलं की सुरीच्या पात्याने किंवा बोटांनी पीठ फक्त गोळा होईपर्यंत हलवायचं. गोळा खडबडीत, किंचित चिकट दिसला की हात मागे घ्यायचा. ओट्यावर दोन-तीनदा दुमडून थापलं की पुरे. तुकतुकीत गोळा झाला, तर समजा बिघडलं.

दुसरी खोड मोहनाची. शंकरपाळ्यांना आपण कडकडीत मोहन घालतो, इथे बटर गार हवं. मैद्यात त्याचे बारीक कण तसेच राहिले, तर ओव्हनच्या उष्णतेने ते वितळतात, त्यातल्या पाण्याची वाफ होते आणि स्कोन हलका होतो. बटर आधीच विरघळून मैद्यात मुरलं की पोत नानकटाईकडे झुकतो आणि गोळे पसरतात. बाहेर पारा ४४-४५ वर असताना बोटं लावताच बटर पाघळतं. त्यामुळे मी ते फ्रीजरमध्ये कडक करून मोठ्या किसणीवर किसते, मैद्याचं भांडंही अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवते. चोळताना तळहात लावायचा नाही. कापलेले स्कोनही १५ मिनिटं गार करून मग भाजायचे. खरं सांगायचं तर खान्देशात स्कोन डिसेंबरातच करावेत, पण पाहुणे उन्हाळ्याच्या सुट्टीत येतात!

माझं प्रमाण: मैदा २५० ग्रॅम, बेकिंग पावडर ३ सपाट छोटे चमचे, बटर ६० ग्रॅम, साखर ४० ग्रॅम, दूध साधारण १२० मिली, बेदाणे ६० ग्रॅम आणि अक्रोड ४० ग्रॅम. बटर खारं असेल तर वेगळं मीठ नको. दूध एकदम ओतू नका, कोरड्या हवेत मैदा चमचाभर जास्तही पितो.

स्कोन फुगतच नसतील तर आधी बेकिंग पावडर तपासा. चमचाभर पावडर गरम पाण्यात टाकली की फसफसायला हवी. नुसता खायचा सोडा घालून काम भागवू नका. आंबट काही नसेल, तर साबणासारखी चव येते. इंग्लंडच्या पाककृतीत 'सेल्फ रेझिंग' पीठ असतं, म्हणजे त्यात फुगवणारी पावडर आधीच मिसळलेली असते. त्याऐवजी साधा मैदा घेतला आणि पावडर विसरलात, तर पुन्हा बट्टीच.

मेव्याचं म्हणाल तर बेदाणे भिजवलेत तर कापडावर पूर्ण कोरडे करा, नाहीतर आतून कच्चट राहतं. वर डोकावणारे बेदाणे आत दाबा, ते जळून कडू होतात. अक्रोड किंवा सातपुड्यातली चारोळी आधी चावून बघा. आपल्या उन्हाळ्यात तेलकट मेवा लवकर खवट होतो आणि एक खवट दाणा अख्खा घाणा बिघडवतो. मेवा हलका भाजून, गार करून घालावा. घरात केळी आहेत म्हणून पिकलं केळं कुस्करून घालायचा मोह होतोच. घातलंत तर दूध निम्म्यावर आणा, आणि मग त्याला स्कोन म्हणायचा आग्रह धरू नका.

लाटी अडीच सेंटीमीटर जाड ठेवा, पातळ थापली तर काही फुगत नाही. कापताना वाटी पिळू नका, धारदार कडेचा साचा सरळ खाली दाबा. पिळलं की कडा चिकटतात आणि स्कोन वाकडा फुगतो. वरून लावलेलं दूध बाजूंवर ओघळलं तरी तेच होतं.

ओटीजी (घरगुती छोटा विजेचा ओव्हन) २०० ते २२० अंश सेल्सिअसवर १५ मिनिटं आधी तापवा. स्कोन १२ ते १५ मिनिटांत होतात. बुड करपत असेल तर एकाखाली एक असे दोन ट्रे ठेवा.

इंग्लंडच्या डेव्हन परगण्यात स्कोनवर आधी क्रीम लावतात, शेजारच्या कॉर्नवॉलमध्ये आधी जॅम. तिथलं क्लॉटेड क्रीम, म्हणजे मंद तापवून घट्ट केलेली साय, इथे कुठलं मिळायला, म्हशीच्या दुधाची घट्ट साय चालते. सासूबाई मात्र स्कोन कुस्करतात आणि वर तूप सोडतात.