शिकणं उत्क्रांतीला वाट कशी दाखवतं, ते स्वतः करून पाहा

आयुष्यात शिकण्याची क्षमता उत्क्रांतीला दिशा देते, ही मानसशास्त्रज्ञ जेम्स मार्क बाल्डविन यांनी १८९६ मध्ये मांडलेली कल्पना मला वाचून उमगली नव्हती, प्रोग्राम लिहिल्यावर उमगली. ती तपासणारा हिंटन आणि नोलन या संशोधकांचा १९८७ चा संगणकी प्रयोग साध्या लॅपटॉपवरही चालतो.

१,००० जीव घ्या, प्रत्येकाला २० जनुकं. साधारण निम्म्या जागी प्रश्नचिन्ह, उरलेल्यांत १ आणि ० सारखे, सगळं यादृच्छिक. वीसही १ जुळले तरच फायदा, एकोणीस जुळून काहीच नाही. ० आणि १ च्या शक्य जुळण्या १०,४८,५७६, बरोबर एकच. नुसती नैसर्गिक निवड इथे अंधारात चाचपडत राहते.

प्रश्नचिन्ह म्हणजे शिकायची मुभा. प्रत्येक जीवाला आयुष्यात १,००० प्रयत्न द्या. दर प्रयत्नात प्रश्नचिन्हांच्या जागी ० किंवा १ टाकून बघायचं. जमलं की थांबायचं. जितके प्रयत्न शिल्लक, तितकी पुढच्या पिढीसाठी निवड होण्याची संधी जास्त. मग दोन-दोन पालकांची जनुकं मिसळा.

एक चूक मात्र टाळा, माझ्याकडून झाली होती: शिकलेलं उत्तर मुलाच्या जनुकांत लिहू नका. मुलाला पालकाचं प्रश्नचिन्ह प्रश्नचिन्ह म्हणूनच मिळालं पाहिजे. नाहीतर तो लामार्क झाला (आयुष्यात कमावलेलं थेट मुलांत उतरतं, असं मानणारा), बाल्डविन नव्हे.

आता दर पिढीला तिन्ही चिन्हं (०, १ आणि प्रश्नचिन्ह) मोजा आणि आलेख काढा. ० झपाट्याने नाहीसे होतात, १ वाढतात. प्रश्नचिन्हं मात्र बरीच रेंगाळतात, कारण थोडीच उरली की जीव पटकन शिकतो आणि निवडीचा दाब ओसरतो. मला हाच भाग सगळ्यात सुंदर वाटतो.

मग शिकणं बंद करून तोच प्रोग्राम पुन्हा चालवा. आलेख सपाट राहील.