गेम येण्याआधीची नोंदणी: आधी वरचा गोल बघा

नवा गेम येण्याआधीच स्टोअरवर नाव नोंदवून ठेवता येतं, त्याला ‘प्री-रजिस्ट्रेशन’ म्हणतात. ते करताना काय काय बघायचं त्याची ही यादी. प्ले स्टोअर उघडा आणि बाकी काहीही करण्याआधी उजव्या कोपऱ्यातला वरचा गोल बघा. तुमचा फोटो किंवा नावाचं पहिलं अक्षर असलेला तो गोल. त्यावर बोट ठेवलं की आपण कोणत्या जीमेल आयडीने आत आहोत ते कळतं. एका फोनवर हल्ली दोन-तीन आयडी सहज असतात: आपला, ऑफिसचा किंवा कॉलेजचा, आणि मुलांच्या शाळेने ऑनलाइन वर्गासाठी काढायला लावलेला. प्ले स्टोअर उघडताना ‘कोणता आयडी हवा?’ असं विचारत नाही. ‘प्री-रजिस्टर’ दाबलं की नोंदणी त्या क्षणी गोलात जो आयडी असेल त्याच्या खात्यात जाते. फोन कुणाचा, सिम कुणाचं, याच्याशी तिला देणंघेणं नसतं. बरेच जण माती खातात ते इथेच. म्हणून यादीत हे पहिलं, आणि पुढेही पुन्हा पुन्हा येणार आहे. कंटाळा आला तरी वाचा.

शाळेच्या आणि ऑफिसच्या आयडीवर नोंदणी करूच नका. त्या खात्यांचं प्ले स्टोअर संस्थेचा अ‍ॅडमिन हवं तेव्हा आवळू शकतो, आणि नोकरी सुटली की आयडीही जातो. गेम खेळायला एकच कायमचा वैयक्तिक आयडी ठरवा.

ठरवलेला आयडी लिहून ठेवा. डोक्यात नको, नोट्समध्ये. एका ओळीत चार गोष्टी: गेमचं नाव, स्टोअर, आयडी, नोंदणीची तारीख. स्क्रीनशॉट काढायचा तर गोल उघडून पूर्ण आयडी दिसेल असा काढा. नुसत्या बटणाच्या स्क्रीनशॉटवरून नंतर काहीही कळत नाही. एवढा खटाटोप कशाला, असं वाटेल. मग मधला काळ किती असतो ते बघा. ‘फौजी’ या गेमची प्ले स्टोअरवरची नोंदणी ३० नोव्हेंबर २०२० ला सुरू झाली आणि गेम २६ जानेवारी २०२१ ला आला, म्हणजे दोन महिन्यांच्या आत. बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडियाची नोंदणी १८ मे २०२१ ला उघडली आणि अँड्रॉइडवर गेम २ जुलैला आला. इथवर लक्षात राहतं. पण पुण्याच्या सुपरगेमिंग कंपनीच्या ‘इंडस’ गेमची नोंदणी जानेवारी २०२३ मध्ये सुरू झाली आणि गेम आला १६ ऑक्टोबर २०२४ ला. एकवीस महिने! तेवढ्यात फोन बदलतो, जुना फोन भावाकडे जातो, नव्या फोनवर आयडी वेगळ्या क्रमाने चढवले जातात. गेम येतो तेव्हा गोलात भलताच आयडी असतो आणि प्री-रजिस्ट्रेशनचं बक्षीस काही केल्या दिसत नाही. बक्षीस गेलेलं नसतं. ते दुसऱ्या आयडीच्या दारात उभं असतं.

जाहीर झालेली तारीख पक्की समजू नका, हेही इथेच. फ्री फायर इंडियाची ५ सप्टेंबर २०२३ ही तारीख सांगून झाली होती, ऐनवेळी पुढे ढकलली गेली. सुट्टी टाकून बसायचं तर आदल्या संध्याकाळी एकदा खात्री करा.

आता तपासणी. नोंदणी झाली की गेमच्या पानावरचं बटण बदलतं आणि तिथे नोंदणी रद्द करायचा पर्याय येतो. गोलातून एकेक आयडी बदलत जा आणि प्रत्येकावर तेच पान उघडा. जिथे रद्द करायचं बटण दिसेल तिथे नोंदणी आहे. चुकीच्या आयडीवर सापडली तर योग्य आयडीवर नव्याने करा. नोंदणी फुकट असते, दोन्हीकडे राहिली तरी बिघडत नाही. पण हे गेम यायच्या आधी. एकदा गेम आला की ‘प्री-रजिस्टर’चं ‘इन्स्टॉल’ होतं आणि दार बंद.

त्याच पानावर बक्षिसाचा मजकूर आहे का ते वाचा. बक्षिसं दोन प्रकारची असतात आणि लोक त्यांची गल्लत करतात. एक स्टोअरवर नोंदणी केलेल्या आयडीला मिळतं. दुसरं ‘इतके लाख नोंदण्या झाल्या की सगळ्यांना अमुक’ अशा जाहिरातीचं, आणि ते बहुतेक वेळा गेम उघडणाऱ्या कुणालाही मिळतं. दुसरं हातात पडलं म्हणून पहिलंही मिळालं असं समजून बसू नका.

नोंदणी करताना गेम आल्यावर आपोआप इन्स्टॉल करायचं का, असं विचारतात. हो म्हणायला हरकत नाही, मात्र प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये डाउनलोड ‘फक्त वायफायवर’ ठेवलेलं असेल आणि घरी वायफाय नसेल, तर ते आपोआप कधीच होणार नाही. आणि आपोआप झालं तरी कोणत्या आयडीवर झालं? गोल.

काही प्रकाशक स्टोअरबरोबर स्वतःच्या वेबसाइटवरही वेगळी नोंदणी घेतात. ही वेगळी म्हणजे खरंच वेगळी. एक केली म्हणून दुसरी होत नाही. इथे ईमेल टाकायचा असतो आणि कोड मेलवर येतो. जीमेल पत्त्यातलं टिंब मोजत नाही, त्यामुळे नाव आणि आडनावाच्या मध्ये टिंब टाकलं काय न टाकलं काय, मेल आपल्यालाच येतो. प्रकाशकाच्या यादीत मात्र ते दोन वेगळे पत्ते असू शकतात. टिंबासकट जसा लिहिला तसाच नोटमध्ये उतरवा. कोडचा मेल ‘प्रमोशन्स’मध्ये किंवा स्पॅममध्ये जाऊन पडतो आणि कोडला मुदत असते, तेव्हा पहिला मेल आला की पत्ता संपर्कांत टाका.

आयफोनवर याला प्री-ऑर्डर म्हणतात. गेम फुकट असला तरी शब्द तोच, घाबरू नका. गेम आला की सूचना येते आणि साधारण चोवीस तासांत तो आपोआप उतरतो. विकतचा असेल तर पैसे तेव्हाच कापले जातात, आधी नाही. पानावरची तारीख ‘अपेक्षित’ असते. ३१ डिसेंबर दिसली तर ती बहुधा जागा भरायला टाकलेली आहे. इथला गोल म्हणजे अ‍ॅपल खातं, तेही वर उजवीकडेच. घरात दोघांनी मिळून एक खातं वापरायची सवय असेल तर गेमपुरती तरी ती मोडा.

देशाचा मुद्दा दुबई, सिंगापूर, अमेरिकेतल्या मंडळींसाठी. खात्याचा देश जो, तिथलं स्टोअर दिसतं. फक्त भारतासाठी आलेला गेम तिकडच्या खात्यावर दिसणारच नाही, कितीही शोधा. गूगल प्लेचा देश वर्षातून एकदाच बदलता येतो आणि अ‍ॅपलवर प्री-ऑर्डर अडकलेली असेल तर देश बदलताच येत नाही. मायदेशी परतल्यावर आधी देश, मग नोंदणी. उलट केलंत तर सगळं पुन्हा.

आता चाचणी, म्हणजे क्लोज्ड बीटा: गेम यायच्या आधी तो मोजक्या लोकांना खेळून बघायला देतात. इथे चूक जास्त महाग पडते, कारण जागा मोजक्या असतात. प्ले स्टोअरवरच्या चाचणीसाठी आधी एक लिंक येते. ती ब्राउझरमध्ये उघडते, आणि ब्राउझरमध्ये एक आयडी, प्ले स्टोअरमध्ये दुसरा, असं अगदी सहज असतं. लिंकवर ‘तुम्ही आता चाचणीत आहात’ असं दिसतं आणि स्टोअरमध्ये गेम सापडतच नाही. लोक तासभर फोन बंद-चालू करत बसतात. फोन ठीक आहे हो! ब्राउझरचा गोल आणि स्टोअरचा गोल जुळवा. फॉर्म भरून जागा मिळत असेल तर फॉर्ममध्येही तोच आयडी, जो स्टोअरच्या गोलात आहे. ‘माझा मुख्य ईमेल’ असा विचार करून दुसराच टाकू नका.

आयफोनवर चाचणी टेस्टफ्लाइट या अ‍ॅपलच्या चाचणीच्या अ‍ॅपमधून होते. बाहेरच्या परीक्षकांची मर्यादा १०,००० आहे, त्यामुळे गाजलेल्या गेमची लिंक बघता बघता भरते. टेस्टफ्लाइट अ‍ॅप आधीच उतरवून ठेवा, लिंक आल्यावर नाही. प्रत्येक आवृत्ती ९० दिवसांनी मरते. चाचणीतली प्रगती खऱ्या गेममध्ये बहुतेक पुसली जाते, आधी नियम वाचल्याशिवाय त्यात पैसे घालू नका.

पीसीवर स्टीम, म्हणजे पीसी गेमचं ऑनलाइन दुकान. विशलिस्टमध्ये टाकणं हीच नोंदणी. गेम आला की मेल येतो, पुढे सवलत लागली की येतो, फक्त ईमेल पडताळलेला हवा. ‘प्लेटेस्ट’, म्हणजे स्टीमवरची चाचणी, असेल तर गेमच्या पानावर प्रवेश मागायचं बटण असतं, ते दाबा आणि विसरा. लोक टप्प्याटप्प्याने आत घेतले जातात, सारखं दाबून नंबर पुढे सरकत नाही. फेब्रुवारी, जून आणि ऑक्टोबरमधल्या नेक्स्ट फेस्ट या स्टीमच्या डेमो-महोत्सवात शेकडो डेमो फुकट मिळतात. नोंदणीआधी डेमो खेळून बघणं सगळ्यात शहाणपणाचं. आणि हो, स्टीमवरही खातं बघा. सायबर कॅफेच्या काळात काढलेलं एक आणि लॅपटॉप घेतल्यावर काढलेलं दुसरं, अशी दोन असतील तर पासवर्ड आठवतो ते नव्हे, ज्यात गेम आहेत ते वापरा.

आगाऊ पैसे भरून घ्यायचं असेल तर आधी हे. स्टीमवर गेम यायच्या आधी कधीही पैसे परत मिळतात. आल्यावर १४ दिवस आणि दोन तासांपेक्षा कमी खेळ. महागड्या आवृत्तीबरोबर तीन-चार दिवस आधी खेळायला मिळतं ते तासही एप्रिल २०२४ पासून या दोन तासांत धरतात. ‘अजून गेम आलाच नाही’ हा युक्तिवाद चालत नाही. स्टीमवर यूपीआय चालतं. कार्डाने बाहेरच्या स्टोअरवर भरत असाल तर बँकेच्या अ‍ॅपमध्ये आंतरराष्ट्रीय व्यवहार चालू आहेत का बघा. नव्या कार्डांवर तो पर्याय मुळात बंद असतो.

फसवणूक. नोंदणीला पैसे लागत नाहीत. आधार, पॅन लागत नाही. टेलिग्रामवर ‘गेम आधीच मिळेल’ म्हणून फिरणारी एपीके फाइल (स्टोअरबाहेरून गेम टाकायची फाइल) फोनवर टाकू नका. गेम यायच्या आदल्या आठवड्यात या फायलींचं पीक येतं. मुलं अठरांखालची असतील तर काही गेम पालकांच्या मोबाइलवर ओटीपी पाठवतात. मुलाने नंबर मागितला तर कशासाठी ते विचारा आणि ओटीपी स्वतः टाका. मुलाचं खातं फॅमिली लिंकमध्ये (गूगलची पालकांसाठीची देखरेख) असेल तर परवानगीही आधीच देऊन ठेवा, तुम्ही मीटिंगमध्ये असताना गेम येतो.

आदल्या दिवशी फोनमधली मोकळी जागा बघा. पानावर जो आकार लिहिलेला असतो तो सुरुवातीचा. आत गेल्यावर नकाशे आणि आवाजाच्या फायली आणखी उतरतात. दुप्पट जागा मोकळी ठेवा. व्हॉट्सअ‍ॅपमधले सुप्रभातचे फोटो उडवले तरी बरंच होतं. नोंदणी झाली म्हणजे फोनवर गेम चालेलच असं नाही, किमान रॅम वाचा. रोज १.५ जीबीचा रिचार्ज असेल तर हिशेब करा: मर्यादा संपली की वेग ६४ केबीपीएसवर येतो, त्यावर गेम काय, मेलही नीट उघडत नाही. डेटा रात्री बाराला पुन्हा भरतो, तेव्हा लावा. पीसीवर आधी उतरवून ठेवलेला गेम कुलूपबंद असतो आणि सुटल्यावर तो उलगडायला वेळ आणि पुन्हा जागा लागते. जुन्या हार्ड डिस्कवर तासभरही जातो. स्टीमवरचे बरेच गेम पॅसिफिक वेळेनुसार सकाळी दहाला सुटतात. आपल्याकडे तेव्हा उन्हाळ्यात रात्रीचे साडेदहा, हिवाळ्यात साडेअकरा. दिवसभर रिफ्रेश करत बसू नका.

गेमच्या दिवशी: गोल बघा. मग इन्स्टॉल. मग उघडा, आणि ‘गेस्ट’, म्हणजे खात्याशिवाय खेळायचा पर्याय, दाबू नका. गर्दीत लॉगिन अडकतं आणि हात आपोआप गेस्टकडे जातो. स्टोअरचं बक्षीस साधारणपणे पहिल्यांदा आत शिरलेल्या गेम-खात्याला चिकटतं. ते गेस्ट असेल तर गेम काढला की बक्षीसही गेलं. अर्धा तास थांबा, लॉगिन चालू होईल. सर्व्हर निवडायचा असेल तर मित्र कुठे आहेत ते आधी विचारा, बक्षीस एकाच सर्व्हरवर पडतं.

बक्षीस गेममधल्या टपालपेटीत येतं. पेटी बऱ्याचदा सुरुवातीचं प्रशिक्षण संपल्यावरच उघडते. मुदत असते, घेऊन टाका.

नाही आलं? गोल. मग गेम बंद करून उघडा. मग सपोर्टला लिहा: गेममधला प्लेअर आयडी, नोटमधली ती ओळ, आणि आयडी दिसणारा तो स्क्रीनशॉट. काढला होतात ना?