साठ किलोचा कुत्रा आणि घरी येणारी माणसं

ग्रेट डेन किंवा सेंट बर्नार्ड पाळल्यावर पाहुणे हळूहळू यायचे थांबतात. कुत्रा चावरा असतो म्हणून नव्हे, तो प्रेमानं अंगावर येतो म्हणून. दहा किलोच्या पिल्लानं उडी मारली की सगळे लाड करतात. साठ किलोचं झाल्यावर तीच उडी आजीला आडवी करते. त्यामुळे सवय पहिल्या दिवसापासूनच लावा: चारही पाय जमिनीवर असतील तरच हात लागेल. उडी मारली की हात छातीशी घेऊन पाठ फिरवा, अवाक्षर काढू नका. ‘नको नको’ करत ढकललंत तर त्याला कुस्तीचं आमंत्रणच वाटतं.

खरा गोंधळ दाराची बेल वाजल्यावर होतो. दारापासून दोन-तीन मीटरवर, दार दिसेल अशा जागी जाड गादी टाका. बेल वाजवा, त्याला गादीवर न्या, बसला की खाऊ गादीवरच ठेवा. हातातून दिलात तर तो हातामागे उठून येतो. रोज पाचेक मिनिटं पुरेत. हे जमलं की घरातल्याच कुणाला तरी बाहेर पाठवून बेल वाजवायला सांगा. खरे पाहुणे त्यानंतर. तेव्हाही सुरुवातीला पट्टा लावलेला असू द्या. पाहुण्यांना आधीच फोनवर सांगा, की आल्या आल्या त्याच्याकडे बघायचं नाही, बोलायचं नाही. (हे हमखास मोडतात ते श्वानप्रेमी. घाबरणारे पाहुणे परवडले.)

टीपॉय रिकामा ठेवा, शेपटीची उंची नेमकी चहाच्या कपाएवढी असते. चॉकलेट, द्राक्षं, मनुका, कांदा ओट्यावरही ठेवू नका, त्याचं तोंड सहज पोचतं. लहान मूल आणि कुत्रा यांना मोठ्या माणसाशिवाय क्षणभरही एकत्र सोडू नका. गुरगुरला तर ओरडू नका, त्याला बाजूला न्या. गुरगुरणं दाबलं तर पुढच्या वेळी तो इशारा न देताच चावू शकतो.

बाहेर नेताना लांबत जाणारा पट्टा नको. दीड-दोन मीटरचा साधा पट्टा आणि छातीवर कडी असलेला हार्नेस घ्या. पुढून ओढ बसली की कुत्रा बाजूला वळतो आणि त्याचं वजन तुमच्या खांद्यावर येत नाही.

मेजवानीच्या दिवशी जेवण दोन-तीन वेळांत वाटून द्या आणि त्यानंतर तासभर मुलांना त्याच्याशी दंगा करू देऊ नका. खोल छातीच्या कुत्र्याचं पोट वायूनं फुगून पीळ पडू शकतो. पोट टम्म, तोंडातून लाळ, उलटीचे उमाळे येतात पण बाहेर काही पडत नाही, असं दिसलं तर पाहुणे ताटावर असले तरी उठा आणि थेट डॉक्टर गाठा.