तरानेचं काम कसं पाहायचं: झाडीपट्टीतल्या (पूर्व विदर्भातल्या) नाटकांत काम करणाऱ्या नव्या पोरींसाठी

रोवणं, म्हणजे भाताची लावणी, आटोपलं की दिवाळीनंतरच्या मंडईपर्यंत, म्हणजे गावच्या जत्रेतल्या नाटकांपर्यंत, आपल्याला काम नसतं. त्या दिवसांत मोबाइलवर इराणची नटी तराने अलीदूस्ती हिचे सिनेमे पाहा. कसे पाहायचे ते सांगते, कारण पहिल्या वेळी मी वीस मिनिटांत घोरायला लागले होते.

आपण रात्री पडदा उघडल्यापासून पहाटेपर्यंत शेवटच्या रांगेतल्या म्हाताऱ्याला रडवतो. ही बाई आवाजच चढवत नाही. शिवाय १९७९ नंतर तिथल्या पडद्यावर बाईच्या डोक्यावर घरातल्या सीनमध्येसुद्धा ओढणी हवी, आणि नवऱ्याचं काम करणाऱ्यानं तिचा हात धरायचा नाही. मग संसार दाखवायचा कसा? तेच शोधत पाहा.

सुरुवात दिग्दर्शक असगर फरहादीच्या ‘अबाउट एली’पासून (२००९) करा. समुद्रकाठी सहलीला आलेली एली पतंग उडवत पळते आणि थोड्या वेळानं नाहीशी होते. तो पतंगाचा सीन तीनदा पाहा, तिसऱ्यांदा आवाज बंद करून. इंग्रजी पाट्या वाचत बसलात तर चेहरा निसटतो. गोष्ट आधी कुणा शिकलेल्या पोराकडून ऐकून घ्या.

मग ‘द सेल्समन’ (२०१६). यात ती आपल्याच धंद्यातली आहे: नवरा-बायको दोघं आर्थर मिलर या अमेरिकन नाटककाराच्या नाटकात कामं करतात. घरात एकटी असताना तिच्यावर हल्ला होतो, आणि पुढच्या एका प्रयोगात ती बोलता बोलता थांबते, पुढचं निघतच नाही. मी हा सीन सलग पाहू शकले नाही. एका गावात पुढच्या रांगेतला एक माणूस रात्रभर असा बघत होता की तिसऱ्या अंकात माझं पाठ वाक्य गेलं होतं. या सिनेमाला २०१७ मध्ये ऑस्कर मिळालं. ट्रम्पच्या प्रवासबंदीमुळे सोहळ्याला जाणार नाही, असं तिनं आधीच जाहीर केलं होतं.

२००२ चा तिचा पहिला सिनेमा, पंधरा वर्षांच्या मुलीचा ‘आय एम तराने, फिफ्टीन’, त्यानंतर बघा. स्वित्झर्लंडमधल्या लोकार्नोच्या सिनेमहोत्सवात तिला त्यासाठी बक्षीस मिळालं, पण आधी तोच पाहिलात तर तिला नुसती गोड पोर समजाल.

‘लैलाज ब्रदर्स’ (२०२२) शेवटी. लैला बापाच्या थोबाडीत मारते. ती चापट येईपर्यंत तिनं किती गिळलंय ते मोजा. त्याच वर्षी तिनं ओढणीशिवाय फोटो टाकला, डिसेंबरात अटक झाली, जानेवारी २०२३ मध्ये सुटली. हे आधी डोक्यात भरू नका, मग नुसतं कौतुक दिसतं, काम दिसत नाही.

आता सराव. आपल्या नाटकातला एक संवाद घ्या, पदर डोक्यावर, हात मांडीवर, आणि हळू बोला. मी पोरीच्या पाठवणीच्या सीनला हे करून पाहिलं. मागून ओरडले, “आयकू नाही येत वो बाई!” वर टांगलेल्या माईकखाली उभं राहायचं असतं, तेच मी विसरले होते.